पोहरा झपाट्यानं ओढला तर ऊर्जा दुप्पट लागते का?

‘आडातून पोहरा दुप्पट वेगानं ओढला की ऊर्जाही दुप्पट लागते.’ गावाकडच्या ग्रुपवर हे अधूनमधून फिरतं. धाप खरोखर लागते, म्हणून पटतंही. हिशोब मात्र वेगळा आहे.

समजा पाण्यासकट पोहरा 12 किलो आणि पाणी 10 मीटर खाली (आपल्याकडं उन्हाळ्यात त्याहूनही खाली जातं). दोराचं वजन, कप्पीचं घर्षण सोडा. काम, म्हणजे पोहरा वर आणायला लागलेली ऊर्जा, झालं वजन × गुरुत्वाकर्षणाचा आकडा × उंची: 12 × 9.8 × 10, म्हणजे 1176 ज्यूल. यात वेग कुठंच येत नाही. वेगामुळं येणारी गतिज ऊर्जा वेगळी: सेकंदाला 1 मीटर वेग असेल तर 6 ज्यूल, 2 मीटर असेल तर 24. चौपट झाली, तरी चिल्लरच. शिवाय काठाशी पोहरा थांबवताना हात तेवढाच कमी ओढतो, त्यामुळं तीही वळती होते.

दुप्पट होते ती शक्ती, म्हणजे दर सेकंदाला होणारं काम. तेच काम 10 ऐवजी 5 सेकंदांत, म्हणजे सुमारे 118 ऐवजी 235 वॅट. धाप त्याची.

पडताळायचं असेल तर भंगारवाल्याकडं असतो तसला स्प्रिंगचा काटा घ्या, भरलेली बाटली अडकवून वर उचला. सुरुवातीला आकडा क्षणभर वाढतो, थांबताना उतरतो. मधे वेग एकसारखा असेल, तर हळू उचला की भरभर, आकडा तोच.