खिडकीच्या दोन्ही बाजूंचा राग

नोव्हेंबर उजाडला की बँकेतल्या पेन्शनच्या खिडकीसमोरची रांग पार दारापर्यंत जाते. हयातीचा दाखला द्यायचा महिना. त्या खिडकीमागे मी अकरा वर्षं काढली. मला शहाणं केलं ते मात्र एका काकांनी.

पंचाहत्तरीचे असतील. प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळलेलं पासबुक, त्यातच आधार कार्ड. अंगठा यंत्रावर ठेवला, ठसा लागला नाही. पुन्हा ठेवला, नाही. तिसऱ्यांदाही नाही. काकांनी हात मागे घेतला आणि सगळ्या हॉलला ऐकू जाईल असं म्हणाले, "मी इथं धडधडीत उभा आहे आणि हे यंत्र म्हणतंय मी नाहीच!"

मी समजावायला लागले. काका, नियम आमचा नाही. काका, ठसा लागल्याशिवाय सिस्टीम पुढे जात नाही. माझं एकूण एक वाक्य खरं होतं आणि त्या एकेका वाक्यानं आगीत तेल पडत होतं. तिसऱ्या मिनिटाला "मॅनेजर कुठे आहेत तुमचे?" झालं, पाचव्या मिनिटाला रांगेतले चौघे त्यांच्या बाजूनं बोलायला लागले.

खरं बोलूनही भडका का उडाला, हे मला पुढे शरीरशास्त्र वाचताना कळलं. अपमान झाला, अडवणूक झाली असं वाटलं की शरीर ते धोक्यासारखंच घेतं. अॅड्रेनलिन रक्तात उतरतं, हृदयाचे ठोके वाढतात, स्नायू ताठरतात, आवाज आपोआप चढतो. त्याच वेळी कपाळामागचा मेंदूचा भाग मंदावतो. चार गोष्टी एकदम ध्यानात ठेवणं, त्यांचा क्रम लावणं, दुसरी बाजू तोलून बघणं ही त्याची कामं. येल विद्यापीठाच्या एमी आर्न्स्टेन यांनी यावर कित्येक वर्षं संशोधन केलं आहे. अनावर ताणात मेंदूतल्या रसायनांचं प्रमाण असं बदलतं की या भागातल्या पेशींची आपापसातली जोडणी काही काळ ढिली पडते. नियम समजून घ्यायला जो भाग लागतो तोच थकलेला असताना मी काकांना नियम सांगत होते.

शिवाय कॉर्टिसॉल नावाचं ताणाचं दुसरं संप्रेरक सावकाश चढतं. रक्तातली त्याची पातळी प्रसंग सुरू झाल्यावर साधारण २० ते ३० मिनिटांनी शिगेला पोचते. म्हणून गिऱ्हाईक दोन मिनिटांत गप्प झालं तरी आतून निवलेलं नसतं. तेवढ्यात "झेरॉक्स आणली नाहीत का?" एवढं विचारलं तरी पुन्हा ठिणगी पडते.

आपल्याकडे म्हणतात, वड्याचं तेल वांग्यावर. येल विद्यापीठातल्या मानसशास्त्रज्ञांच्या एका गटानं १९३९ मध्ये हेच शास्त्राच्या भाषेत मांडलं: अडवणुकीतून चीड येते, आणि ज्याच्यामुळे आली त्याच्यावर काढता आली नाही तर ती हाताशी सापडेल त्याच्यावर निघते. काका सकाळी दोन एसट्या बदलून आले होते, दीड तास उभे होते, शेजारच्या खिडकीनं एकदा परत पाठवलं होतं. ठशाचं यंत्र हे फक्त शेवटचं निमित्त.

आम्ही मात्र जेवणाच्या सुट्टीत त्यांना नाव देऊन मोकळे झालो: "भांडखोर म्हातारा." माणसाच्या वागण्याचं कारण त्याच्या स्वभावात शोधायचं आणि परिस्थितीकडे डोळेझाक करायची, ही चूक आपण सगळेच करतो. १९७३ मध्ये प्रिन्स्टन इथं जॉन डार्ली आणि डॅनियल बॅटसन यांनी धर्मगुरू होऊ घातलेल्या विद्यार्थ्यांवर एक प्रयोग केला. त्यांना एका इमारतीतून दुसऱ्या इमारतीत भाषण द्यायला पाठवलं. वाटेत एक माणूस दारात वाकून बसला होता, खोकत, कण्हत. ज्यांना घाई नव्हती त्यांच्यातले ६३ टक्के मदतीला थांबले. ज्यांना "उशीर झालाय, पळा" असं सांगितलं होतं त्यांच्यातले फक्त १० टक्के. दोन्हीकडे देवाधर्माचीच मुलं होती, वेगळी होती ती घाई. हे आकडे वाचल्यापासून "अवघड माणूस" हा शब्द माझ्या तोंडून निघत नाही. अवघड वेळ आलेला माणूस असतो.

रांगेचंही स्वतःचं शास्त्र आहे. व्यवस्थापनाचे अभ्यासक डेव्हिड मायस्टर यांनी १९८५ मध्ये मांडलं की वाट पाहण्याचा त्रास घड्याळात मोजला जात नाही. हाताला काही काम असेल तर वेळ लवकर जातो. किती वेळ लागेल हे ठाऊक नसेल, कारण कुणी सांगत नसेल, तर तोच वेळ लांबतो. आणि मागून आलेला माणूस ओळखीनं पुढे गेला तर पाच मिनिटंसुद्धा सोसवत नाहीत. "सर्व्हर डाउन आहे, अर्धा तास तरी लागेल, टोकन घेऊन बसा" एवढं मोठ्यानं सांगायला पैसा लागत नाही, तरी बहुतेक ठिकाणी खिडकीवर नुसती पाटी उलटी केलेली असते. याची मला अजूनही मनापासून चीड येते.

मग काकांपुढे करायला काय हवं होतं? आधी ऐकून घ्यायला हवं होतं, आणि ऐकलं हे त्यांना कळायला हवं होतं. १९९० मध्ये अॅलन लिंड, रूथ कॅन्फर आणि ख्रिस्तोफर अर्ली यांनी एक प्रयोग केला. लोकांना काम दिलं आणि किती काम करायचं तो आकडा वरून ठरवला. काहींचं म्हणणं आकडा ठरण्याआधी ऐकलं, काहींचं ठरल्यानंतर, म्हणजे त्यांच्या बोलण्यानं आता काहीच बदलणार नव्हतं. काहींचं ऐकलंच नाही. ज्यांचं नंतर ऐकलं त्यांनाही तो निर्णय, अजिबात न ऐकलेल्यांपेक्षा जास्त न्यायाचा वाटला. माझ्या दृष्टीनं खिडकीवरच्या माणसासाठी यापेक्षा कामाचा शोध नाही. नियम बदलणं आपल्या हातात नसतं, कान आपल्या हातात असतात.

भावनेला नाव देण्यातही काही ताकद आहे. कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या लॉस एंजलिस शाखेतल्या मॅथ्यू लिबरमन यांनी २००७ मध्ये लोकांना रागावलेले, घाबरलेले चेहरे दाखवले आणि त्यांच्या मेंदूची चित्रं घेतली. चेहऱ्यावरच्या भावनेला शब्द दिला की धोक्याची घंटा वाजवणाऱ्या अमिग्डला या भागातली हालचाल कमी व्हायची. प्रयोगशाळेतल्या चित्रांवरून थेट रांगेतल्या माणसावर उडी मारू नये, पण माझा अनुभव त्याच दिशेचा आहे. फक्त शब्द जपून निवडावे लागतात. "तुम्ही चिडलाय" म्हटलं की तो आरोप होतो. "दीड तास उभे राहिलात, वर हे यंत्र दाद देत नाही, वैताग येणारच" म्हटलं की समोरच्याचे खांदे खाली येताना दिसतात.

आता खिडकीच्या आतल्या बाजूचं. ट्रेनिंगमध्ये आम्हाला सांगायचे: डोक्यावर बर्फ, जिभेवर साखर, चेहऱ्यावर हसू. समाजशास्त्रज्ञ आर्ली हॉकशिल्ड यांनी १९८३ मध्ये विमानातल्या सेविकांचा अभ्यास मांडला आणि या हसण्याला श्रम म्हटलं, पगारासाठी केलेले भावनेचे श्रम. नुसतं चेहऱ्यावर आणलेलं हसू आणि मनातूनच समोरच्याकडे वेगळ्या नजरेनं बघणं, यात त्यांनी फरक केला.

तो फरक शरीरात दिसतो. स्टॅनफर्डच्या जेम्स ग्रॉस यांनी १९९८ मध्ये लोकांना अवयव कापण्याच्या शस्त्रक्रियेची फिल्म दाखवली. एका गटाला सांगितलं, चेहऱ्यावर काही दिसू देऊ नका. दुसऱ्याला सांगितलं, डॉक्टरच्या तटस्थ नजरेनं बघा. चेहरा दाबून धरणाऱ्यांना किळस तेवढीच वाटली, वर शरीरातला ताण वाढला. नजर बदलणाऱ्यांना मुळात किळसच कमी वाटली. पुढे २००३ मध्ये एमिली बटलर आणि सहकाऱ्यांनी बायकांच्या जोड्यांना एक अस्वस्थ करणारी फिल्म दाखवून आपापसात बोलायला बसवलं. एकीला भावना लपवायला सांगितलं होतं, दुसरीला त्याचा पत्ता नव्हता. तरी तिचा रक्तदाब चढला. ताणून धरलेलं हसू समोरच्यालाही बाधतं, ते असं.

तेव्हा कर्मचाऱ्याला "शांत राहा" सांगून भागत नाही. त्याला उठायला मिळालं पाहिजे, दहा मिनिटं खिडकी दुसऱ्यानं सांभाळली पाहिजे. श्वास लांब सोडला की हृदयाचे ठोके त्या क्षणापुरते मंदावतात, हे खुर्चीत बसल्या बसल्याही जमतं. कँटीनमध्ये जाऊन तो प्रसंग तिखटमीठ लावून सांगितला की मोकळं वाटतं, अशी आपली समजूत. ब्रॅड बुशमन यांनी २००२ मध्ये तिची परीक्षा घेतली. ज्याच्यावर राग आहे त्याला आठवत पंचिंग बॅगवर ठोसे मारणारे, नुसते गप्प बसलेल्यांपेक्षा जास्त रागावलेले निघाले.

आणि एक हद्द. शिवीगाळ, धमकी, अंगावर धावून येणं हे ऐकून घेण्याच्या यादीत येत नाही. दवाखान्यातल्या मारहाणीविरुद्ध महाराष्ट्राला २०१० मध्ये वेगळा कायदा करावा लागला. तिथं कर्मचाऱ्याच्या सहनशीलतेचं कौतुक करण्यापेक्षा त्याच्या पाठीशी वरिष्ठ उभे राहिले पाहिजेत, तेही सगळ्यांसमोर.

काका त्या दिवशी दाखला न देताच गेले. दुसऱ्या दिवशी मुलीला घेऊन आले. मी उठून बाहेर गेले, त्यांना बाकावर बसवलं आणि म्हटलं, "काल फार त्रास झाला तुम्हाला. आधी सांगा, कुठून येता?" सात-आठ मिनिटं बोलले. बत्तीस वर्षं छापखान्यात खिळे, म्हणजे छपाईची अक्षरं, जुळवली होती त्यांनी. मग मी त्यांना बोटांचं सांगितलं: वय झालं की त्वचा कोरडी पडते, रेषा सपाट होतात, हातानं काम केलेल्यांच्या तर झिजूनच जातात. यंत्राला त्या दिसत नाहीत, यात तुमचा काही दोष नाही. काकांनी स्वतःचा हात उजेडात धरून निरखून पाहिला. मी ओला रुमाल दिला, त्यांनी एकेक बोट पुसलं. अंगठा नाही, तर्जनी नाही. मधल्या बोटाला यंत्राचा हिरवा दिवा लागला.

"लागला," काका मुलीला म्हणाले, आणि हात तसाच यंत्रावर ठेवून थोडा वेळ बसून राहिले.