फाउंड फुटेज नृत्यपट

दुसऱ्या कोणी, दुसऱ्याच कारणासाठी चित्रित केलेल्या फुटेजमधून संकलनाच्या टेबलावर नृत्य घडवणारा प्रायोगिक लघुपट. वार्तापट, घरगुती चित्रण, जाहिराती, जुने कथापट असे काहीही यात चालते. मूळ फुटेजमध्ये नाच असलाच पाहिजे असे नाही. याचा नमुना १९४२ चा. ब्रिटनच्या माहिती मंत्रालयातील चार्ल्स रिडली यांनी जर्मन दिग्दर्शिका लेनी रीफेनश्टाल यांच्या ‘ट्रायम्फ ऑफ द विल’ या प्रचारपटातील (१९३५) नाझी संचलन पुढे-मागे फिरवून ‘लँबेथ वॉक’ या लोकप्रिय नाचगाण्यावर बसवले. टाकलेले पाऊल तसेच मागे येते, पुन्हा पुढे जाते आणि अख्खी पलटण ठेक्यावर डोलू लागते.

सारी मदार फ्रेमच्या हिशेबावर असते. सेकंदाला २४ फ्रेम आणि मिनिटाला १२० ठोके असतील तर एका ठोक्याला नेमक्या १२ फ्रेम मिळतात. त्या लयीत तीनतालाचे १६ मात्रांचे आवर्तन १९२ फ्रेमचे होते. २५ फ्रेमच्या व्हिडिओत तोच ठोका साडेबारा फ्रेमचा होतो. तिथेही सरसकट १२ फ्रेमचे तुकडे जोडले, तर १६ मात्रांनंतर चित्र समेच्या ८ फ्रेम आधीच पोहोचते. उपाय सोपा: १२ आणि १३ फ्रेमचे तुकडे आलटून-पालटून लावावेत. १६ फ्रेमच्या गतीने चित्रित केलेल्या मूकपटाचे २४ करताना दर दुसरी फ्रेम दोनदा घेतात. हातांच्या संथ हालचालीत त्याचा बारीक हिसका जाणवतो, पायांच्या ठेक्यात तो खपून जातो.

कट कुठे द्यायचा हे पोझवर नव्हे, अंगाच्या भारावर ठरते. पाऊल जमिनीला लागते ती फ्रेम वेगळी आणि भार पडून गुडघा किंचित वाकतो ती वेगळी. ठोका दुसरीवर ठेवला तरच पाऊल खरे वाटते. नवशिक्यांचे काम बहुतेक इथेच फसते. मोकळे केस, पदर, उडणारी धूळ यांवरून उलट फिरवलेले चित्र लगेच ओळखू येते. घट्ट गणवेशात ते लपते, म्हणून संचलनाचे फुटेज या कामाला फार सोयीचे. टेपवरचे चित्रण बहुधा इंटरलेस्ड असते, म्हणजे प्रत्येक फ्रेम एकाआड एक ओळींच्या दोन अर्ध्या चित्रांत (फील्ड) टिपलेली असते. ते आधी डीइंटरलेस न करता, म्हणजे फील्डच्या पूर्ण फ्रेम न बनवता, उलटे चालवले, तर फील्डचा क्रम चुकून हालचाल थरथरते.

भारतात चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनानंतरच्या वर्षारंभापासून ६० वर्षे टिकतो. गाण्याचे शब्द आणि चाल यांची मुदत मात्र कर्त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षे अशी वेगळी मोजतात. त्यामुळे चित्र मुक्त झाले तरी ध्वनिपट्टी उचलता येतेच असे नाही.