आरोग्यवर्तनाचे मानसशास्त्रीय सिद्धांत

माणसे आरोग्याला हितकर किंवा अपायकर असे का वागतात आणि ते वागणे बदलायचे कसे, याचा उलगडा करू पाहणारे मानसशास्त्रातील सिद्धांत व प्रतिमाने. धूम्रपान, मद्यपान, आहार, व्यायाम आणि झोप यांच्याबरोबरच लस टोचून घेणे, लक्षणे नसताना तपासणीला जाणे, डॉक्टरांनी दिलेले औषध ठरलेल्या वेळी घेणे, दात घासणे हे सारे आरोग्यवर्तनात मोडते. मराठीत ‘कळते पण वळत नाही’ असे आपण सहज म्हणून जातो. या सिद्धांतांचा गेल्या सत्तर वर्षांचा प्रवास बहुतांशी कळणे आणि वळणे यांतले अंतर मोजण्याचा आणि ते भरून काढण्याचा आहे.

रिचर्ड डॉल आणि ऑस्टिन ब्रॅडफर्ड हिल यांनी १९५० मध्ये धूम्रपान व फुप्फुसाचा कर्करोग यांचा संबंध दाखवून दिला आणि रोज हातून घडणारी साधी गोष्ट मृत्यूचे कारण ठरू शकते, हे ठळक झाले. कॅलिफोर्नियातील ॲलमेडा परगण्यात १९६५ पासून सुमारे ७,००० प्रौढांचा पाठपुरावा करण्यात आला. पुरेशी झोप, न्याहारी, व्यायाम, आटोक्यातले वजन, धूम्रपान न करणे अशा सात सवयी त्यात पाहिल्या होत्या. त्यांपैकी सहा-सात सवयी पाळणारा ४५ वर्षांचा पुरुष आणि तीन किंवा त्याहून कमी पाळणारा त्याच वयाचा पुरुष यांच्या अपेक्षित आयुर्मानात सुमारे ११ वर्षांचा फरक आढळला. सवयींचे मोल असे आकड्यांत उतरले. लोकांना त्या लावायच्या कशा, हा प्रश्न मात्र तसाच उरला.

धारणांचे प्रतिमान

या क्षेत्रातला पहिला महत्त्वाचा सिद्धांत एका फसलेल्या मोहिमेतून जन्मला. १९५०च्या दशकात अमेरिकेच्या सार्वजनिक आरोग्य सेवेने क्षयाच्या निदानासाठी क्ष-किरण तपासणीच्या गाड्या वस्त्यावस्त्यांतून फिरवल्या. तपासणी फुकट, गाडी दाराशी. तरी लोक येईनात. गॉडफ्री हॉकबाउम या मानसशास्त्रज्ञाने तीन शहरांतील बाराशेहून अधिक प्रौढांना त्याचे कारण विचारले. आपल्यालाही क्षय होऊ शकतो आणि लवकर निदान झाले तर फायदा होतो, या दोन्ही गोष्टी मानणाऱ्यांपैकी ८२ टक्के लोकांनी आपणहून छातीची तपासणी करून घेतली होती. दोन्ही न मानणाऱ्यांत हे प्रमाण २१ टक्के होते.

आरोग्य-धारणा प्रतिमान (हेल्थ बिलीफ मॉडेल) उभे राहिले ते यातून. हॉकबाउमबरोबर अर्विन रोझेनस्टॉक, हॉवर्ड लेव्हेन्थाल आणि स्टीफन केगेलिस यांनी ते घडवले. रोग आपल्याला होण्याची शक्यता किती, झाला तर तो किती गंभीर, उपायाचा फायदा काय आणि त्यात अडचणी कोणत्या, असा हिशेब माणूस मनाशी मांडतो, असे ते सांगते. त्या हिशेबाला कृतीकडे ढकलणारे एखादे निमित्तही लागते : ओळखीतल्या कोणाचे आजारपण, दवाखान्याचे स्मरणपत्र, स्वतःचाच खोकला. पुढच्या अभ्यासांत या घटकांपैकी अडचणींचे पारडे सर्वांत जड निघाले आणि रोगाच्या गांभीर्याची जाणीव बऱ्यापैकी दुबळी ठरली. प्रचारकांचा भर नेमका गांभीर्यावरच असतो, हे इथे ध्यानात घेण्याजोगे आहे. धारणेमुळे माणूस तपासणीला गेला, की जाऊन आल्यावर धारणा पक्की झाली, ही शंकाही या प्रतिमानाचा पिच्छा सोडत नाही.

भीती

घाबरवले की माणूस सुधारतो, हा समज जुना आहे. अर्व्हिंग जॅनिस आणि सेमूर फेशबाख यांनी १९५३ मध्ये शाळकरी मुलांना दातांच्या निगेविषयी कमी-अधिक भीतिदायक व्याख्याने ऐकवली. किडलेल्या दातांचे सर्वांत भयंकर वर्णन ऐकलेल्या मुलांनी सल्ला सर्वांत कमी पाळला. मात्र नंतरच्या बऱ्याच प्रयोगांत भीतीचा थोडाफार उपयोग दिसून आला, त्यामुळे या एकाच प्रयोगावर विसंबून चालत नाही.

अधिक बोलका प्रयोग लेव्हेन्थाल यांचा. १९६५ मध्ये त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी येल विद्यापीठातील विद्यार्थ्यांना धनुर्वाताविषयी पत्रके वाचायला दिली. काहींना सौम्य, काहींना अंगावर काटा आणणारी. भडक पत्रके वाचलेल्यांनी लस घेण्याचा इरादा अधिक जोरात बोलून दाखवला, पण प्रत्यक्ष लस घेणाऱ्यांच्या संख्येत भीतीच्या मात्रेने फरक पडला नाही. फरक पडला तो भलत्याच गोष्टीने. काही विद्यार्थ्यांना आरोग्य केंद्र दाखवणारा नकाशा दिला होता आणि आठवड्याच्या वेळापत्रकात कधी जायचे ते ठरवायला सांगितले होते. त्यांच्यापैकी सुमारे २८ टक्क्यांनी लस घेतली. नुसते पत्रक मिळालेल्यांपैकी ३ टक्क्यांनी. आरोग्य केंद्र कुठे आहे हे विद्यार्थ्यांना एरवीही ठाऊक असणार, तरी नकाशाने काम केले.

रोनाल्ड रॉजर्स यांच्या संरक्षण-प्रेरणा सिद्धांताने (१९७५) भीतीचे गणित नीट मांडले. धोका मोठा वाटला आणि त्यावरचा उपाय आपल्या आवाक्यातला वाटला, तर माणूस उपायाकडे वळतो. उपाय आवाक्याबाहेरचा वाटला, तर तो धोक्याकडेच पाठ फिरवतो : पाकिटावरचे चित्र झाकतो, विषय बदलतो, ‘आमचे आजोबा नव्वदीपर्यंत ओढत होते’ असे सांगतो.

स्व-क्षमता

‘आपल्याला हे जमेल’ या खात्रीला अल्बर्ट बँडुरा यांनी १९७७ मध्ये स्व-क्षमता असे नाव दिले आणि ही कल्पना पुढे जवळजवळ प्रत्येक सिद्धांतात शिरली. आरोग्य-धारणा प्रतिमानातही १९८८ मध्ये तिला जागा करून देण्यात आली. बँडुरांच्या मते ही खात्री चार वाटांनी येते. स्वतः करून पाहून मिळालेले यश ही त्यांतली सर्वांत भक्कम वाट. आपल्यासारख्याच दुसऱ्याला जमलेले पाहणे, कोणी दिलेला धीर आणि शरीराच्या खुणांचा आपण लावलेला अर्थ या उरलेल्या तीन. शेवटची सहज नजरेआड होते. जिना चढताना धाप लागली, की एकाला ती व्यायाम होत असल्याची खूण वाटते आणि दुसऱ्याला आपण या वाटेचे नव्हे याचा पुरावा.

इरादा आणि कृती

मार्टिन फिशबाइन आणि आइसेक आइझेन यांनी १९७०च्या दशकात, आणि पुढे आइझेन यांनी एकट्याने (१९८५, १९९१), इराद्याला मध्यभागी आणले. आइझेन यांच्या नियोजित वर्तनाच्या सिद्धांतानुसार इरादा तीन गोष्टींवर ठरतो : त्या वर्तनाविषयीचे स्वतःचे मत, जवळच्या माणसांची अपेक्षा आणि ते करणे आपल्या हाती किती आहे याचा अंदाज. प्रश्नावलीत सहज बसत असल्याने हा सिद्धांत संशोधकांत कमालीचा लोकप्रिय झाला.

इराद्याचे पुढे काय होते, हा त्याचा कच्चा दुवा. थॉमस वेब आणि पॅस्कल शीरन यांनी २००६ मध्ये अनेक प्रयोगांचे निष्कर्ष एकत्र करून पाहिले. इराद्यात मध्यम ते मोठा बदल घडवला, तरी वर्तनात जेमतेम लहान ते मध्यम बदल होतो, असे त्यांना दिसले.

हे अंतर बुजवण्याचा सर्वांत साधा उपाय पीटर गोलविट्झर यांनी १९९०च्या दशकात सुचवला : ‘अमुक झाले, की मी तमुक करीन’ असा अंमलबजावणीचा संकल्प. म्हणजे येलच्या नकाशाचीच नेटकी आवृत्ती. २००२ मधील एका ब्रिटिश प्रयोगात काही विद्यार्थ्यांना व्यायामाचे महत्त्व पटवून देणारा मजकूर वाचायला दिला; काहींना त्याच्या जोडीला व्यायाम कुठे आणि केव्हा करणार ते लिहून काढायला सांगितले. पुढच्या आठवड्यात नुसता मजकूर वाचणाऱ्यांपैकी ३५ टक्क्यांनी व्यायाम केला, काहीच न मिळालेल्यांपैकी ३८ टक्क्यांनी आणि लिहून काढणाऱ्यांपैकी ९१ टक्क्यांनी. प्रयोगशाळेबाहेर इतका फरक क्वचित दिसतो. अमेरिकेतील एका कंपनीच्या कर्मचाऱ्यांना फ्लूच्या लसीचे स्मरणपत्र पाठवताना तारीख आणि वेळ टिपून ठेवायला सांगितले, तेव्हा लस घेणाऱ्यांचे प्रमाण ३३ टक्क्यांवरून ३७ टक्क्यांवर गेले. वाढ लहानच, पण त्यासाठीचा खर्च छापील कागदावरच्या दोन रिकाम्या चौकटींचा होता.

टप्पे

जेम्स प्रोचास्का आणि कार्लो डिक्लेमेंट यांनी स्वतःच्या बळावर धूम्रपान सोडणाऱ्यांचा अभ्यास करून १९८३ मध्ये बदलाचे टप्पे मांडले. आज प्रचलित असलेल्या रूपात विचारही मनात नसणे, विचार सुरू होणे, तयारी, कृती आणि बदल टिकवणे असे पाच टप्पे आहेत. माणूस कोणत्या टप्प्यावर आहे ते ओळखून बोलावे, ही कल्पना समुपदेशकांना फार भावली. सहा महिन्यांत सोडण्याचा विचार असेल तर दुसरा टप्पा, महिन्याभरात असेल तर तिसरा, ही विभागणी मात्र मनमानी आहे. रॉबर्ट वेस्ट यांनी २००५ मध्ये हे प्रतिमान आता निकालात काढावे असे उघड लिहिले. कितीतरी लोक कसलीही तयारी न करता अचानक सिगारेट सोडतात आणि त्यांचा प्रयत्न टिकतोही, हा त्यांच्या आक्षेपातला एक भाग. तरीही सुटलेली सवय पुन्हा लागणे हा शेवट नसून वाटेतला एक मुक्काम आहे, ही दृष्टी या प्रतिमानामुळे रुजली आणि तिचे मोल कमी नाही.

आजाराविषयीच्या स्वतःच्या कल्पना

रुग्णाला आजाराचे स्वतःचे असे एक चित्र असते : त्याचे नाव, कारण, मुदत, परिणाम आणि इलाज. लेव्हेन्थाल यांच्या ‘सामान्यज्ञान प्रतिमाना’चा गाभा हाच. १९८५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात उच्च रक्तदाबाच्या बहुसंख्य रुग्णांनी रक्तदाब वाढलेला माणसाला कळत नाही हे मान्य केले, पण स्वतःचा मात्र आपल्याला कळतो असे सांगितले. डोके दुखले की गोळी, नाही दुखले तर नाही, ही त्याची तर्कशुद्ध परिणती. अशा रुग्णाला विसराळू म्हणणे चूक आहे. तो स्वतःच्या सिद्धांताला धरूनच वागत असतो.

सवय

वरील बहुतेक सिद्धांतांनी माणूस विचार करून वागतो असे गृहीत धरले. रोजचे पुष्कळसे वर्तन मात्र विचाराशिवाय, परिचित जागा-वेळेच्या इशाऱ्यावर घडते. नवी सवय २१ दिवसांत लागते, ही लोकप्रिय समजूत एका प्लॅस्टिक सर्जनच्या १९६० मधील पुस्तकातून पसरली. फिलिपा लॅली आणि सहकाऱ्यांनी लंडनमध्ये ९६ जणांवर केलेल्या आणि २०१० मध्ये छापून आलेल्या अभ्यासात मध्यक ६६ दिवसांचा निघाला आणि पल्ला १८ ते २५४ दिवसांचा. एखादा दिवस चुकल्याने फारसे बिघडले नाही, हा निष्कर्ष सवयी लावू पाहणाऱ्यांना अधिक उपयोगाचा.

एकत्रीकरण आणि आक्षेप

सिद्धांत वाढत गेले तसे एकाच कल्पनेला तीन-तीन नावे पडली. सूझन मिची, मार्त्ये वॅन स्ट्रालन आणि रॉबर्ट वेस्ट यांनी २०११ मध्ये आधीच्या १९ चौकटी तपासून ‘कॉम-बी’ हे आटोपशीर प्रतिमान मांडले. वर्तन घडायला क्षमता, संधी आणि प्रेरणा तिन्ही हवीत, एवढेच ते सांगते. यातला ‘संधी’ हा शब्द महत्त्वाचा. आधीच्या सिद्धांतांनी तो बहुधा माणसाच्या अंदाजापुरता ठेवला होता. पाळीचे काम, चालायला रस्ता नसणे, दवाखाना दूर असणे या अडचणी मनातल्या नव्हेत आणि त्या समुपदेशनाने दूर होत नाहीत. सगळा भार व्यक्तीच्या इच्छाशक्तीवर टाकून परिस्थितीला मोकळे सोडायचे, हा या क्षेत्रावरचा सर्वांत गंभीर आरोप आहे आणि तो बराचसा खरा आहे. मिची व सहकाऱ्यांनी २०१३ मध्ये वर्तनबदलाच्या ९३ तंत्रांची सूचीही तयार केली, जेणेकरून ‘समुपदेशन केले’ असे मोघम न लिहिता नेमके काय केले ते नोंदवता यावे.

धोक्याची नुसती माहिती किती तोकडी पडते, हे २०१६ मध्ये पुन्हा दिसले. जनुकीय चाचणीवरून लोकांना त्यांचा वैयक्तिक धोका सांगण्याच्या १८ प्रयोगांचा आढावा घेतला गेला. धूम्रपान, आहार किंवा व्यायाम यांवर त्याचा परिणाम जवळजवळ झालाच नव्हता. सिद्धांताचा आधार घेतलेले उपक्रम आधार न घेतलेल्यांपेक्षा हमखास सरस ठरतात, असेही २०१४ च्या एका विश्लेषणात आढळले नाही. सिद्धांताचे नाव प्रस्तावनेत घेऊन कार्यक्रम मात्र स्वतःच्या अंदाजाने आखायचा, ही रीत त्याला काही अंशी कारणीभूत असावी. समाजशास्त्र, मानसशास्त्र, मानववंशशास्त्र आणि अर्थशास्त्र यांतील वर्तनबदलाच्या सिद्धांतांची २०१५ मधील एका पाहणीत मोजदाद झाली, तेव्हा ८२ वेगवेगळे सिद्धांत निघाले. त्यांचा वापर करणाऱ्या २७६ लेखांपैकी ६३ टक्के लेख अवघ्या चार सिद्धांतांवर होते, आणि त्यांत सर्वांत वर होते वेस्ट यांनी दहा वर्षांपूर्वी निकालात काढायला सांगितलेले टप्प्यांचे प्रतिमान.