सदोष मोटार-इंजिनांबद्दलचे सामूहिक दावे आणि तडजोड

एकाच मॉडेलच्या लाखो मोटारींत इंजिनाचा एकच भाग एकाच कारणाने निकामी होत असेल, तर त्या सर्व मालकांच्या वतीने मोजके मालक कंपनीवर दावा लावू शकतात. अमेरिकेत याला ‘क्लास ॲक्शन’ म्हणतात, मराठीत सामूहिक दावा. निकालाआधीच तो मिटवण्यासाठी दोन्ही बाजूंत करार होतो आणि न्यायालयाने मंजूर केला की दाव्यात नाव नसलेल्या मालकांनाही तो बांधून घेतो. तडजोड म्हटले की लोकांना घरपोच येणारा धनादेश आठवतो. इंजिनांच्या प्रकरणांत मात्र धनादेश बहुधा दुय्यम असतो. मोलाची गोष्ट असते ती वाढवून मिळालेली वॉरंटी, आणि ती पदरात पडते की नाही हे मालकाने जपलेल्या पावत्यांवर ठरते.

दावा सामूहिक का, याचे उत्तर हिशेबात आहे. इंजिन बदलायला काही हजार डॉलर लागतात. तेवढ्यासाठी एकट्याने तज्ज्ञ साक्षीदार, धातूची तपासणी आणि वकील उभे केले तर खर्च नुकसानीच्या कितीतरी वर जातो. कंपनीलाही गावोगावच्या खटल्यांपेक्षा एका आदेशात सगळे मिटलेले हवे असते. म्हणून असे दावे ज्यूरीपर्यंत, म्हणजे निकाल देणाऱ्या सामान्य नागरिकांच्या मंडळापर्यंत, क्वचितच जातात. जनरल मोटर्सच्या ५.३ लिटर व्ही-८ इंजिनाचे प्रकरण हा त्यातला ठळक अपवाद. पिस्टन रिंगा नीट बसत नसल्यामुळे २०११ ते २०१४ या मॉडेल-वर्षांच्या ट्रक आणि एसयूव्ही तेल पितात, असा तो दावा होता. ऑक्टोबर २०२२ मध्ये कॅलिफोर्नियातल्या फेडरल (केंद्रीय) न्यायालयात ज्यूरीने सुमारे ३८,००० मालकांना प्रत्येकी २,७०० डॉलर, म्हणजे एकूण १०.२६ कोटी डॉलर द्यायला सांगितले.

थीटा-२ : बिघाड नेमका कुठे

या प्रकारातले सर्वांत शिकण्याजोगे प्रकरण ह्युंदाई आणि किया यांच्या थीटा-२ इंजिनाचे आहे. हे २.० आणि २.४ लिटरचे, सिलिंडरात थेट इंधन फवारणारे (जीडीआय) पेट्रोल इंजिन. अमेरिकेत सोनाटा, सांता फे स्पोर्ट, टक्सन, ऑप्टिमा, सोरेंटो आणि स्पोर्टेज या गाड्यांत ते बसवले जाई.

क्रँकशाफ्ट म्हणजे पिस्टनची वर-खाली हालचाल फिरत्या गतीत बदलणारा दांडा; त्याच्या पोटातून तेलासाठी बारीक भोके पाडलेली असतात. त्यांतून दाबाने आलेले तेल कनेक्टिंग रॉडचे (पिस्टनला क्रँकशाफ्टशी जोडणाऱ्या दांडीचे) बेअरिंग आणि ती दांडी जिथे अडकते तो क्रँक पिन यांच्या फटीत केसाहूनही पातळ थर धरते, आणि सगळा भार त्या थरावर चालतो. ॲलाबामातल्या कारखान्यात ही भोके पाडल्यावर उरलेला धातूचा कीस पूर्ण निघत नव्हता. कीस काढण्याची यांत्रिक पद्धत एप्रिल २०१२ मध्ये बदलून दाबाच्या पाण्याने धुण्याची पद्धत आणली गेली. त्याआधीच्या इंजिनांत उरलेला कीस तेलाची वाट अडवी किंवा थेट बेअरिंगच्या शेलमध्ये, म्हणजे त्याच्या पातळ धातूच्या कवचात, रुते.

पुढचा क्रम ठरलेला असतो. तेल कमी पडले की धातूला धातू घासतो आणि फट वाढते. इंजिनातून टकटक ऐकू येते; आरपीएम (इंजिनाचे मिनिटाला होणारे फेरे) वाढवले की तीही वाढते. अनेकदा तेलाच्या दाबाचा दिवा लागतो, पण तोवर उशीर झालेला असतो. शेल रॉडमध्ये गरगर फिरू लागते, रॉडचे बोल्ट ताणतात आणि शेवटी रॉड तुटून ब्लॉकला भोक पाडतो. हे महामार्गावर घडले तर गाडी जागच्या जागी बंद पडते. भोकातून उडालेले गरम तेल एक्झॉस्टवर पडले तर आग लागते. जुन्या गाडीचे इंजिन टकटकायचेच म्हणून मालक दुर्लक्ष करतात. या इंजिनात ते दुर्लक्ष महागात पडते.

सप्टेंबर २०१५ मध्ये ह्युंदाईने २०११ आणि २०१२ च्या सुमारे ४,७०,००० सोनाटा परत मागवल्या. मार्च २०१७ मध्ये आणखी दोन रिकॉल निघाले, ह्युंदाईच्या सुमारे ५,७२,००० आणि कियाच्या सुमारे ६,१८,००० गाड्यांसाठी. मधल्या काळात, २०१६ मध्ये, ह्युंदाईच्या गुणवत्ता विभागातले अभियंता किम ग्वांग-हो यांनी आतली कागदपत्रे घेऊन अमेरिकेचे राष्ट्रीय महामार्ग वाहतूक सुरक्षा प्रशासन (एनएचटीएसए) गाठले. नोव्हेंबर २०२० मध्ये दोन्ही कंपन्यांवर मिळून २१ कोटी डॉलरचा दंड ठरला; त्यातले ८.१ कोटी तत्काळ भरायचे होते. कायद्याप्रमाणे खबर देणाऱ्याला वसूल रकमेच्या ३० टक्क्यांपर्यंत बक्षीस मिळू शकते. २०२१ मध्ये किम यांना २.४ कोटी डॉलरहून अधिक मिळाले.

रिकॉल आणि तडजोड या दोन वेगळ्या वाटा आहेत, हे पुष्कळांच्या लक्षात येत नाही. रिकॉल सुरक्षिततेसाठी असतो आणि त्यात दोषाची दुरुस्ती फुकट होते. भाड्याच्या गाडीचे पैसे, टोइंग, मोडीत विकलेल्या गाडीचे नुकसान हा सगळा तडजोडीचा प्रांत. रिकॉलचे काम करून घेतले म्हणून तडजोडीचा अर्ज आपोआप दाखल होत नाही.

तडजोडीत काय मिळाले

कॅलिफोर्नियाच्या मध्य जिल्हा न्यायालयात एकत्र केलेल्या दाव्यांवर ऑक्टोबर २०१९ मध्ये तडजोड जाहीर झाली. न्यायालयाची प्राथमिक मंजुरी २०२० मध्ये आणि अंतिम मंजुरी २०२१ मध्ये आली. सुमारे ४० लाख गाड्या तिच्या कक्षेत होत्या. मॉडेल-वर्षे साधारण २०११ ते २०१९.

कळीचा मुद्दा होता आयुष्यभराची वॉरंटी. ह्युंदाईची मूळ पॉवरट्रेन (इंजिन-गिअरबॉक्सची) वॉरंटी पहिल्या मालकाला १० वर्षे किंवा १,००,००० मैल असे, पण गाडी विकली की नव्या मालकासाठी ती ५ वर्षे किंवा ६०,००० मैलांवर येई. सेकंडहँड गाडी घेणारे यातच अडकत, कारण इंजिन नेमके त्यानंतर जाम होई. रिकॉलच्या वेळी शॉर्ट ब्लॉकसाठी ही मर्यादा सर्व मालकांना १० वर्षे, १,२०,००० मैल करण्यात आली होती. तडजोडीने मैल आणि वर्षे दोन्ही काढून टाकली, आणि पुढच्या मालकालाही तोच लाभ दिला. जुन्या गाड्यांचे व्यापारी आणि तत्सम व्यावसायिक मात्र वगळले. शॉर्ट ब्लॉक म्हणजे सिलिंडर ब्लॉक, क्रँकशाफ्ट, रॉड आणि पिस्टन. रॉड बेअरिंगच्या बिघाडाने झालेली हानी वॉरंटीत येते. त्याच्याशी संबंध नसलेला हेड गॅस्केट किंवा टर्बोचा बिघाड येत नाही.

या वॉरंटीला एक अट होती: नॉक सेन्सरचे नवे सॉफ्टवेअर (केएसडीएस) डीलरकडे टाकून घेणे. नॉक सेन्सर मुळात ज्वलनातला अवेळी स्फोट ओळखण्यासाठी ब्लॉकवर बसवलेला असतो. बेअरिंगची फट वाढली की रॉड पिनवर आपटतो आणि ठरावीक प्रकारचे कंपन होते. नवे सॉफ्टवेअर त्याच सेन्सरला ते कंपन ओळखायला शिकवते. ओळख पटली की चेक इंजिनचा दिवा लुकलुकतो, पी-१३२६ हा कोड नोंदला जातो आणि इंजिनचा वेग मर्यादित होऊन गाडी कशीबशी डीलरपर्यंत नेता येते. काही मालकांनी ‘कंपनीला आपल्या गाडीवर नजर ठेवायची आहे’ म्हणून हे काम टाळले. तो हट्ट खुळाच म्हणायचा, कारण ठरल्या मुदतीत सॉफ्टवेअर न घेणे तडजोडीने ‘अपवादात्मक हलगर्जी’ मानले आणि वॉरंटी नाकारायला डीलरला तेवढे कारण पुरे होते.

रोख भाग लहानसा होता. आधी स्वखर्चाने केलेल्या दुरुस्तीची, टोइंगची आणि भाड्याच्या गाडीची भरपाई. डीलरने वॉरंटीतले काम चुकीने नाकारले असेल तर वर १४० डॉलर. दुरुस्ती ६१ ते ९० दिवस रखडली तर ५० डॉलर आणि पुढच्या प्रत्येक ३० दिवसांना २५. बिघाडामुळे विश्वास उडून गाडी काढून टाकली आणि त्याच कंपनीची दुसरी घेतली, तर मॉडेल-वर्षाप्रमाणे सवलत: २०११-१२ साठी २,०००, २०१३-१४ साठी १,५००, २०१५-१६ साठी १,०००, त्यापुढे ५०० डॉलरपर्यंत. ज्याच्यावरून विश्वास उडाला त्याच्याच दुकानात पुन्हा जायचे, हे कलम वाचताना हसू येते. पण अशा तडजोडींत ते नेहमीचे आहे. मृत्यू आणि शारीरिक इजेचे दावे तडजोडीबाहेर ठेवले होते.

सुबारूच्या २०१६ च्या तडजोडीचा साचाही हाच. तिथे दोष जादा तेल खाण्याचा होता आणि पॉवरट्रेन वॉरंटी त्या दोषापुरती ५ वर्षे/६०,००० मैलांवरून ८ वर्षे/१,००,००० मैल झाली. त्यासाठी डीलरकडे तेलाची पातळी मोजून गाडी १,२०० मैल चालवायची आणि पुन्हा मोजायची. मधल्या काळात घरी तेल ओतले की चाचणी फुकट जाते.

न्यायालयाची मंजुरी

फेडरल दिवाणी प्रक्रियेतला नियम २३ या सगळ्याचा पाया आहे. मालक पुरेसे संख्येने असावेत, कायद्याचे वा वस्तुस्थितीचे प्रश्न समान असावेत, पुढे आलेल्या वादींचा दावा बाकीच्यांसारखाच असावा आणि त्यांनी सगळ्यांचे हित सांभाळावे. पैशांच्या दाव्यात समान प्रश्न वैयक्तिक प्रश्नांना वरचढ असावे लागतात. इंजिनांची प्रकरणे इथेच अडतात: बिघाड कारखान्यात झाला की तेल न बदलल्याने, हा प्रश्न कंपनी गाडीगणिक उभा करते. म्हणून वादींचे वकील एका मालकाच्या गाडीवर नव्हे, तर रचनेतल्या किंवा उत्पादनातल्या, सगळ्यांना समान असलेल्या दोषावर बोट ठेवतात.

२००५ च्या कायद्याने ५० लाख डॉलरहून मोठे आणि किमान १०० सदस्य असलेले बहुतेक दावे फेडरल न्यायालयात येतात. तडजोड दाखल झाल्यावर १० दिवसांत राज्यांच्या संबंधित अधिकाऱ्यांना कळवावे लागते आणि त्या सूचनेनंतर ९० दिवस अंतिम आदेश देता येत नाही. सदस्यापुढे तीन वाटा असतात: अर्ज करणे, बाहेर पडून स्वतंत्र दाव्याचा हक्क राखणे, किंवा आत राहून आक्षेप नोंदवणे. काहीच केले नाही तर हक्क जातो आणि अर्जावर मिळणारे पैसेही हातात पडत नाहीत. इंजिन जाम होऊन मोठे नुकसान झालेल्याने, विशेषतः गाडी जळाली असेल तर, बाहेर पडण्याची मुदत संपण्याआधी वकिलाला दाखवावे. वकिलांचे शुल्क न्यायालय ठरवते. कॅलिफोर्निया ज्यात येते त्या नवव्या सर्किटमध्ये (फेडरल अपील न्यायालयाच्या विभागात) एकूण निधीच्या २५ टक्के हे मोजमाप मानले जाते, पण वॉरंटीची किंमत फुगवून टक्केवारी मागितली जाऊ नये म्हणून न्यायाधीश कामाच्या तासांचा हिशेबही तपासतात.

अर्ज कुठे फेटाळले जातात

१७ अक्षरी व्हीआयएन (गाडीचा ओळख क्रमांक) एका अक्षराने चुकणे ही किरकोळ आणि सुधारता येणारी चूक. खरे अर्ज मार खातात ते जॉब कार्डवर. ‘इंजिन बदलले’ एवढेच लिहिलेले बिल उपयोगाचे नाही. बेअरिंग, रॉड किंवा इंजिन जाम झाल्याचे निदान, तारीख, मैल आणि सुटे भाग-मजुरी वेगळे दिसले पाहिजे. शिवाय पैसे भरल्याचा पुरावा वेगळा लागतो: कार्डचे स्टेटमेंट किंवा वटलेला धनादेश. ओळखीच्या गॅरेजात रोख देऊन काम केलेल्यांची इथे पंचाईत होते. तिथून सहीचे, तारखेचे पत्र तरी घ्यावे.

तेल बदलल्याच्या पावत्या मागितल्या जातात. तेल डीलरकडेच बदलायला हवे असे मात्र नाही. १९७५ च्या मॅग्नुसन-मॉस कायद्याने, फुकट दिल्याखेरीज, विशिष्ट ब्रँडच्या मालाची वा सेवेची अट वॉरंटीला जोडता येत नाही. घरी तेल बदलणाऱ्याने तेल आणि फिल्टरच्या पावतीवर मैल टिपून ठेवावे. त्रुटीचे पत्र आले तर उत्तराची मुदत मोजकीच असते.

सूचना नोंदणीच्या पत्त्यावर जाते. अमेरिकेत काही वर्षे नोकरी करून पुण्या-मुंबईला परतलेल्यांची पत्रे त्यामुळे जुन्या घरी पडतात. थीटा-२ मध्ये हक्क नागरिकत्वावर वा व्हिसावर नव्हता. अमेरिकेत घेतलेली किंवा लीजवरची गाडी एवढेच निमित्त होते. गाडी नंतर विकली असली तरी आधी केलेल्या खर्चाचा अर्ज चालत होता.

भारतातली स्थिती

भारतात याच्या जवळची तरतूद ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ च्या कलम ३५(१)(क) मध्ये आहे: समान हित असलेल्या अनेक ग्राहकांच्या वतीने त्यांतले एक किंवा अधिक जण ग्राहक आयोगाच्या परवानगीने तक्रार करू शकतात. पण समान हित नुसते म्हणून भागत नाही. ब्रिगेड एंटरप्रायझेस प्रकरणात (२०२१) सर्वोच्च न्यायालयाने १,१३४ सदनिकांच्या प्रकल्पातल्या ९१ खरेदीदारांची तक्रार प्रातिनिधिक मानली नाही, संयुक्त तक्रार म्हणून मात्र चालू दिली. मोटारमालकांनाही हाच उंबरठा ओलांडावा लागेल: एकच इंजिन, एकच दोष, एकच मागणी. रिकॉलसाठी मोटार वाहन कायद्यात २०१९ च्या दुरुस्तीने कलम ११०-अ आले. त्याखाली सरकार सदोष गाड्या परत मागवायला लावू शकते आणि उत्पादकाला पैसे परत करणे, गाडी बदलून देणे वा दुरुस्ती करणे भाग पडते. प्रातिनिधिक दाव्यात गुपचूप तडजोडही करता येत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३, नियम ३-ब प्रमाणे न्यायालयाच्या परवानगीशिवाय केलेला असा करार रद्दबातल ठरतो, आणि परवानगी देण्याआधी न्यायालयाने इतर हितसंबंधितांना सूचना द्यायची असते.