ग्रिफिथच्या आधीच रोम जळून गेलं होतं

‘पूर्ण लांबीचा भव्य चित्रपट पहिल्यांदा काढला तो अमेरिकन दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथने, १९१५ साली, ‘द बर्थ ऑफ अ नेशन’मधून.’ चित्रपटविषयक लेखांत हे विधान वर्षानुवर्षं फिरतंय. ते चूक आहे.

रोममधल्या चिनेस कंपनीसाठी एन्रिको ग्वात्सोनीने ‘क्वो वादिस’ १९१३ मध्येच पडद्यावर आणला होता. आधार होता पोलिश लेखक हेन्रिक शेन्केविच यांची त्याच नावाची ऐतिहासिक कादंबरी. चित्रपट जवळपास दोन तासांचा. नीरोचा दरबार, पेटलेलं रोम, आखाड्यात सोडलेले खरेखुरे सिंह आणि अफाट गर्दी! त्याच वर्षी एप्रिलमध्ये तो न्यूयॉर्कच्या ॲस्टर थिएटरात, म्हणजे चक्क नाटकाच्या रंगमंदिरात, लागला आणि धो धो चालला. (मुंबईत ‘राजा हरिश्चंद्र’ लागला तो पुढच्याच महिन्यात.) १९१३ मध्येच इंग्रज लेखक बुल्वर-लिटनच्या कादंबरीवरून इटलीत ‘पॉम्पेईचे अखेरचे दिवस’ दोनदा निघाला, कारण दोन कंपन्यांची चुरस. १९१४ ला जोव्हान्नी पास्त्रोनेचा ‘काबिरिया’ आला. त्यातला ट्रॉलीवरून सरकणारा कॅमेरा गाजला.

इटालियनच पहिले, असंही नाही. ऑस्ट्रेलियात १९०६ मध्येच तासाभराहून लांब चित्रपट निघाला होता. ग्रिफिथचं संकलनातलं कसब मोठंच, पण लांबीचं श्रेय त्याचं नव्हे.