गृहकर्जाचे हप्ते थकलेत? नोटीस आली की आधी तारीख पाहा

बँकेचा रजिस्टर पोस्टाने आलेला लिफाफा न फोडताच कपाटात ठेवलेला, आणि घरात कुणाला काही सांगितलेले नाही. आमच्या कार्यालयात येणाऱ्या कितीतरी जणांची गोष्ट इथूनच सुरू होते. कायद्यात दिलासा आहे, पण तो मुदतीत मागावा लागतो. म्हणून आधी लिफाफा फोडा.

हप्ता ९० दिवसांहून अधिक थकला की खाते एनपीए, म्हणजे थकीत (अनुत्पादक) कर्ज ठरते. मग एखाददुसरा हप्ता भरून ते नियमित होत नाही, सगळी थकबाकी भरावी लागते. त्यानंतर २००२ च्या सरफेसी कायद्याच्या, म्हणजे बँकेला कोर्टात न जाता तारण घर ताब्यात घेऊन विकू देणाऱ्या कायद्याच्या, कलम १३(२) खालची नोटीस येते आणि ६० दिवस मिळतात. याच दिवसांत लेखी हरकत घ्या: भरलेले हप्ते जमा दिसत नाहीत, दंड जास्त लावला आहे, जे असेल ते. बँकेला १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावे लागते. मॅनेजर फोनवर "बघू" म्हणाले, एवढ्यावर विसंबू नका. अर्जाच्या प्रतीवर शिक्क्यासह पोच घ्या.

पुढची पायरी ताब्याची. दारावर नोटीस चिकटवतात, वर्तमानपत्रातही छापतात. लाज वाटून ती फाडू नका, तारीख दिसेल असा फोटो काढा. हा बहुधा प्रतीकात्मक ताबा असतो, त्या दिवशी तुम्हाला बाहेर काढत नाहीत. प्रत्यक्ष ताब्यासाठी बँकेला सहसा जिल्हाधिकाऱ्यांकडे किंवा मॅजिस्ट्रेटकडे कलम १४ खाली अर्ज करावा लागतो.

ताब्याच्या कारवाईपासून ४५ दिवसांत कलम १७ खाली डीआरटीत, म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणात जाता येते. मुंबई, पुणे आणि नागपूरला ही न्यायाधिकरणे आहेत. दिवाणी कोर्टात दावा लावून मनाई हुकूम आणू, असे कुणी सांगितले तर सावध राहा. कलम ३४ ने तो रस्ता जवळपास बंद केला आहे, आणि तिथे घालवलेले दिवस डीआरटीत भरून मिळत नाहीत. डीआरटी स्थगिती देताना बहुतेक वेळा काही रक्कम भरायची अट घालते. तेव्हा थोडे पैसे हाताशी ठेवूनच या.

सगळ्यात जास्त नुकसान होते ते लिलावाच्या टप्प्यावर. लिलावाच्या दिवसापर्यंत पैसे भरून घर सोडवता येते, अशी समजूत अजून आहे. २०१६ च्या दुरुस्तीनंतर लिलावाची नोटीस प्रसिद्ध होण्याआधीच सगळी रक्कम भरावी लागते. सर्वोच्च न्यायालयाने २०२३ मध्ये हेच स्पष्ट केले.

सहकारी बँकांनाही हा कायदा लागू आहे. पतसंस्थेचे कर्ज असेल तर मात्र वाट वेगळी, तिथे महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याच्या कलम १०१ खालचा वसुलीचा दाखला असतो. तसे असल्यास फोनवरच सांगा.

येताना मंजुरीपत्र, कर्जखात्याचा उतारा आणि आलेल्या सगळ्या नोटिसा आणा. रिकामे लिफाफेही टाकू नका. नोटीस हातात कधी पडली, हे दाखवायला त्यावरचा पोस्टाचा शिक्का उपयोगी पडतो.