ट्राउटमन, बर्ट

ट्राउटमन, बर्ट : (२२ ऑक्टोबर १९२३–१९ जुलै २०१३). इंग्लंडमधील मँचेस्टर सिटी क्लबचे जर्मन गोलरक्षक. मूळ नाव बेर्नहार्ड कार्ल. १९४९ ते १९६४ या काळात ते सिटीकडून ५४५ सामने खेळले. मान मोडलेली असताना पूर्ण केलेल्या एका अंतिम सामन्यामुळे ते सर्वांना ठाऊक आहेत. गोलरक्षणातील त्यांची खरी भर मात्र चेंडू हाताने फेकण्याच्या तंत्रात आहे.

जन्म ब्रेमेन येथे. लहानपणी ते फुटबॉलबरोबर हँडबॉलही खेळत. दुसऱ्या महायुद्धात छत्रीधारी सैनिक म्हणून पूर्व आघाडीवर लढले. त्यांना आयर्न क्रॉस हे जर्मन शौर्यपदक मिळाले. १९४५ मध्ये ते ब्रिटिशांच्या हाती लागले. लँकशरमधील युद्धकैद्यांच्या छावणीत एका सामन्यात दुखापत झाल्यावर त्यांनी गोलरक्षकाशी जागा बदलली आणि पुढे तीच त्यांची जागा ठरली. सुटकेनंतर मायदेशी न परतता ते सेंट हेलेन्स टाउनकडून खेळू लागले.

ऑक्टोबर १९४९ मध्ये सिटीने त्यांना घेतले, तेव्हा मँचेस्टरमध्ये सुमारे २०,००० लोकांनी निषेध केला. कर्णधार एरिक वेस्टवूड स्वतः नॉर्मंडीत लढलेले असूनही त्यांनी ट्राउटमन यांना संघात सामावून घेतले. नाझी जर्मनीतून आलेले रब्बी (ज्यू धर्मगुरू) अलेक्झांडर आल्टमन यांनी, साऱ्या देशाचा अपराध एका माणसाच्या माथी मारू नका, असे जाहीर पत्राने सांगितले.

त्या काळचे गोलरक्षक चेंडू हाती येताच लांब लाथाडत. असा उंच चेंडू कोणाकडे जाईल याचा नेम नसे. ट्राउटमन हँडबॉलच्या सवयीने तो दूरवर, नेमका मोकळ्या सहकाऱ्याकडे फेकत; बहुधा हाफ (मधल्या फळीतील खेळाडू) केन बार्न्सकडे. तेथून तो मागे सरकून खेळणाऱ्या सेंटर फॉरवर्ड (आघाडीच्या फळीतील मधला खेळाडू) डॉन रिव्हीकडे जाई. ‘रिव्ही योजना’ म्हणून गाजलेल्या या खेळाची सुरुवात अशी गोलरक्षकाच्या हातून होई. फेक मंद पडली किंवा गोलसमोरून आडवी गेली, तर प्रतिस्पर्ध्याला आयती संधी मिळते; म्हणून ताकदीइतकाच वेळेचा अंदाज महत्त्वाचा.

५ मे १९५६ रोजी लंडनमधील वेम्बली मैदानावर एफ.ए. चषक या इंग्लंडमधील बाद पद्धतीच्या स्पर्धेच्या अंतिम सामन्यात बर्मिंगहॅम सिटीविरुद्ध सुमारे १७ मिनिटे उरली असताना त्यांनी पीटर मर्फीच्या पायाशी झेप घेतली. मर्फीचा गुडघा मानेवर आदळला. बदली खेळाडूची तेव्हा सोय नव्हती; गोलरक्षक बाहेर गेला असता तर संघ दहा जणांवर आला असता. ते उभे राहिले, पुढेही चेंडू अडवले आणि सिटीने ३–१ असा विजय मिळवला. चार दिवसांनी काढलेल्या क्ष-किरण चित्रात पाच मणके सरकलेले दिसले. मानेचा दुसरा मणका दुभंगला होता. तिसरा मणका दुसऱ्यात अडकून बसल्यामुळे तो जागचा हलला नाही आणि जीव वाचला. त्याच वर्षी फुटबॉल पत्रकारांचा सर्वोत्तम खेळाडूचा पुरस्कार त्यांना मिळाला. तो मिळवणारे ते पहिले गोलरक्षक. काही आठवड्यांतच त्यांचा पाच वर्षांचा मुलगा मोटार अपघातात गेला. डिसेंबरमध्ये ते पुन्हा मैदानात उतरले.

पश्चिम जर्मनीकडून ते एकही सामना खेळले नाहीत. प्रशिक्षक सेप हेर्बेर्गर मायदेशात खेळणाऱ्यांनाच घेत. इतक्या तोलाच्या गोलरक्षकावर हा अन्यायच म्हणावा लागेल. निवृत्तीनंतर त्यांनी स्टॉकपोर्ट काउंटीचे व्यवस्थापन पाहिले आणि ब्रह्मदेश, टांझानिया, लायबेरिया, पाकिस्तान व उत्तर येमेन येथे प्रशिक्षण दिले. २००४ मध्ये त्यांना ओ.बी.ई. हा ब्रिटिश सन्मान मिळाला. स्पेनमध्ये त्यांचे निधन झाले.